पाणी यायच्या आधी गावात जा

चि. बाळ हिस,


तुझी नेमणूक शिरोळ तालुक्यात झाल्याचं वहिनीनं फोनवर सांगितलं. ग्राम महसूल अधिकारी. २०२४ मध्ये सरकारनं हे नाव दिलं असलं तरी गावात तुला सगळे तलाठी मॅडमच म्हणणार, त्याची सवय करून घे. आनंद तर झालाच. पण गाव नदीकाठचं आहे हे कळल्यापासून हे पत्र मनात घोळत होतं. तुझ्यासारखीच पहिली नेमणूक घेऊन कितीतरी मुलंमुली कृष्णा-पंचगंगेच्या काठावर रुजू होतील. म्हणून पत्र तुझ्या नावानं लिहिलं तरी छापायला दिलंय. ज्याला उपयोग होईल त्यानं वाचावं.

कायदा तुला माझ्याहून जास्त येतो. सातबारा, फेरफार, पंचनाम्याचे नमुने, आपत्ती व्यवस्थापन कायद्याची कलमं, सगळं तू परीक्षेसाठी पाठ केलंस. माझी नोकरी जिल्हा परिषदेच्या शाळेत गेली. पण नदीकाठच्या गावात पूर आला की शाळेचं निवारा केंद्र होतं, आणि एरवी पाढे म्हणून घेणारी बाई धान्याची पोती, औषधांच्या पुड्या, रडणारी लेकरं आणि चिडलेली माणसं सांभाळायला लागते. तिथून जे दिसलं ते तुझ्या पुस्तकात नाही, म्हणून लिहिते.

माणसं बोटीनं वाचतात, दोरानं वाचतात, हे खरंच. पण बोट दारात येण्याआधी दोन कामं झालेली असावी लागतात. समोरचा माणूस कशापायी घर सोडत नाही, हे कुणीतरी त्याच्या दारात बसून विचारलेलं असावं लागतं. आणि पाणी किती येणार, हे त्याला उमगेल अशा मापात सांगितलेलं असावं लागतं. ही कामं झाली असतील तर महसूल, पोलीस, आरोग्य, वीज मंडळ, गावातली पोरं अशी सगळी मिळून दिवसाभरात गाव हलवतात. झाली नसतील तर तीच माणसं गुडघाभर पाण्यात उभी राहून एकमेकांवर ओरडतात.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये तू पुण्यात होतीस आणि टीव्हीवर बघून रडत फोन करत होतीस. पंचगंगेची पातळी कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर मोजतात. ३९ फुटांवर इशारा, ४३ फुटांवर धोका. त्या आठवड्यात पाणी ५५ फुटांच्या पुढं गेलं. पुणे-बेंगळुरू महामार्ग शिरोलीजवळ पाण्याखाली गेला आणि काही दिवस बंदच राहिला. शिंगणापूर, बालिंग्याची उपसा केंद्रं बुडाली आणि चहूबाजूंनी पाणी असताना शहराला प्यायच्या पाण्यासाठी टँकरची वाट बघावी लागली. जिल्ह्यातून दोन लाखांहून जास्त माणसं हलवावी लागली.

इशारा मिळाला नव्हता असं नाही. जिल्हा माहिती कार्यालयाचं पत्रक रोज निघत होतं. राधानगरी धरणाचे स्वयंचलित दरवाजे किती उघडले, विसर्ग किती क्युसेक, पंचगंगेवरचे राजाराम, सुर्वे, रुई, इचलकरंजी, तेरवाड, शिरोळ यातले कुठले बंधारे पाण्याखाली, सगळं त्यात असायचं. पत्रक अचूक असतं, त्याबद्दल मला आदर आहे. पण आमच्या गावच्या खालच्या गल्लीतल्या माणसाला राजाराम बंधाऱ्यावरच्या ५० फुटांचं काय करायचं हे कसं कळावं? त्यानं तो बंधारा आयुष्यात एकदाही पाहिलेला नसतो. त्याच्याजवळ दुसरंच माप होतं. २००५ च्या पुरात पाणी कुठवर आलं होतं, त्याची खूण त्याच्या भिंतीवर होती. ‘पाचला उंबऱ्याला लागलं नाही, आता काय लागतंय’ हे वाक्य त्या दिवसांत मी घरोघर ऐकलं. ही माणसं अडाणी नव्हती, हट्टी तर नव्हतीच. चौदा वर्षांपूर्वी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेल्या पुराव्यावर ती निर्णय घेत होती. त्यांचा पुरावा जुना झालाय, हे त्यांना पटेल असं कुणी सांगितलं नव्हतं.

आमच्या गावच्या कोतवालानं ते सांगितलं. शिक्षण सातवीपर्यंत. भोंग्यावर ठरलेला मजकूर वाचून झाल्यावर तो स्वतः गल्लीत शिरला आणि दारोदार म्हणाला, ‘आज अंधार पडायच्या आत पाणी दूध संस्थेच्या पायरीला लागणार. मध्यरात्री मारुतीच्या गाभाऱ्यात शिरणार. पहाटं तुमच्या चुलीवर.’ क्युसेक नाही, फूट नाही. तासाभरात त्या गल्लीतल्या बायकांनी पोती माडीवर चढवायला सुरुवात केली. दूध संस्थेच्या पायरीला पाणी लागलेलं दिसलं, तेव्हा उरलेलेही उठले. त्याचा पहिला शब्द खरा ठरला म्हणून दुसऱ्यावर विश्वास बसला.

तुला यातून एक काम काढून देते. रुजू झाल्यावर गावातल्या म्हाताऱ्या माणसांना बरोबर घेऊन २००५, २०१९ आणि २०२१ च्या पाण्याच्या खुणा पाहून घे. कुठल्या पातळीला कुठली पांद बंद होते, कुठल्या पातळीला शाळेचं मैदान जातं, हे गावच्या मापात लिहून काढ. शिरोळ तालुक्याची आणखी एक अडचण आहे, ती लोकांना पुन्हा पुन्हा सांगावी लागेल. पंचगंगा नृसिंहवाडीला कृष्णेला मिळते. कृष्णा भरलेली असली की पंचगंगेचं पाणी पुढं सरकत नाही, मागं फुगतं. म्हणून आपल्या डोक्यावर ऊन पडलेलं असतं आणि दारातलं पाणी वाढतच असतं. पाऊस उघडला म्हणून माणसं निवारा केंद्रातून घरी परततात ती याच चुकीच्या भरवशावर. ‘परत जाऊ नका’ असं दरडावण्यापेक्षा पाणी मागं का फुगतं हे जमिनीवर काठीनं रेघा ओढून दाखवलेलं मी पाहिलंय. चौथीतल्या पोरांना कळलं, त्यांच्या बापांनाही कळलं.

आता जनावरांचं सांगते. याच्यावर मी जास्त लिहिणार आहे, कारण माझ्या मते आपल्याकडच्या पुरातली अर्धी गुंतागुंत गोठ्यात असते आणि ती अजूनही कागदावर नीट उतरत नाही.

एक विधवा बाई होती, आमच्या शाळेत स्वयंपाकाला यायची. दोन म्हशी, एक रेडी. बोट दारात आली तरी ती उतरेना. बोटीवरचे जवान समजावून थकले. पोलीस पाटील चिडले, ‘जिवापेक्षा म्हस मोठी झाली का?’ असं सगळ्यांसमोर बोलले. ती आत गेली आणि दाराला कडी घातली. बाहेरून बघणाऱ्याला हा वेडेपणाच वाटेल. पण तिचा हिशेब काय होता बघ. शेत नाही. दूध संघाचं बिल दर दहा दिवसांनी मिळतं. कोल्हापूर जिल्ह्यात गोकुळ १९६३ मध्ये सुरू झाला, तेव्हापासून किती बायांच्या हातात त्या बिलामुळं स्वतःचा पैसा आला असेल. पोराच्या शाळेची फी, किराणा, सासूचं औषध, सगळं त्या बिलातून. म्हैस गेली तर दहाव्या दिवशी घर थांबतं. बँकेचं कर्ज मात्र थांबत नाही. ‘जीव की म्हैस’ असा प्रश्नच तिच्यापुढं नव्हता. म्हैस गेल्यावर जीव कशावर जगवायचा, हा होता.

शेवटी गावच्या आशा सेविका, आमच्या आशाताई, तिच्याकडं गेल्या. त्यांनी कडीवर हात मारला नाही. खिडकीशी बोट धरून उभ्या राहिल्या आणि विचारलं, ‘म्हशी कुठं बांधायच्या म्हणतीस?’ आतून लगेच उत्तर आलं. दोन दिवस ती तोच विचार करत होती आणि तिला कुणी विचारलंच नव्हतं. वरच्या वस्तीला तिच्या भावकीतल्या एकाचं शेड होतं, पण त्या घराशी बोलणं बंद होतं. वाट होती ती फक्त ट्रॅक्टर जाईल एवढी. आशाताईंनी भावकीला फोन केला, दुसऱ्या गल्लीतल्या पोरांनी ट्रॅक्टर आणला, म्हशी दावी सोडून पोहत काढल्या. दुपारपर्यंत ती बाई शाळेत होती आणि संध्याकाळी इतरांसाठी भाकऱ्या थापत होती.

आशाताई समजूतदार होत्या, एवढंच यातून घेऊ नकोस. जवानांकडं बोट होती, पोलीस पाटलांकडं अधिकार होता, भावकीकडं शेड होतं, पोरांकडं ट्रॅक्टर होता. सगळं गावातच होतं. आशाताईंच्या एका प्रश्नानं ते एकत्र आलं.

हा प्रश्न आपल्याच नदीकाठचा नाही. आजच्या बांगलादेशात १९७० च्या नोव्हेंबरात भोला चक्रीवादळात काही लाख माणसं गेली. त्यानंतर तिथल्या सरकारनं आणि रेड क्रॉसनं गावोगावच्या स्वयंसेवकांची फळी उभारली. हातात भोंगा आणि झेंडे घेऊन ही गावचीच माणसं दारोदार इशारा देतात. तिथंही गुरं सोडून लोक निवाऱ्यात येत नव्हते, म्हणून किनारपट्टीवर गुरांसाठी मातीचे उंच ओटे बांधले गेले. त्यांना तिकडं किल्ला म्हणतात. आणि ज्या २००५ सालची खूण आमच्या भिंतींवर आहे, त्याच साली अमेरिकेत कतरिना वादळात न्यू ऑर्लिन्समधली कितीतरी माणसं कुत्र्या-मांजरांना सोडवेना म्हणून घरातच थांबली. पुढच्याच वर्षी तिथल्या संसदेनं कायदा करून माणसांबरोबर त्यांच्या पाळीव प्राण्यांनाही हलवण्याची सोय आराखड्यात घ्यायला लावली. श्रीमंत देशाला जे कायद्यात लिहावं लागलं, ते आपल्या गावच्या आशाताईला खिडकीशी उभं राहून कळलं होतं.

करवीर तालुक्यातली प्रयाग चिखली आणि आंबेवाडी ही गावं तुला माहीत आहेत. १९८९ च्या पुरानंतर त्यांना सोनतळीला जागा मिळाली. इतकी वर्षं झाली, तरी माणसं नदीकाठ पुरता सोडत नाहीत. शहरात बसून त्यांना नावं ठेवणारे मला भेटतात तेव्हा वाईट वाटतं. शेत खाली, गोठा खाली, वैरण खाली, देव खाली, आणि झोपायला तेवढं वर जायचं, हे रोज कसं जमायचं? पण २०२१ च्या जुलैत पाणी जवळपास २०१९ एवढंच चढलं, तेव्हा या भागातली बरीच माणसं आधीच निघाली होती आणि यावेळी जनावरं बरोबर होती. दोन वर्षांत नदी बदलली नव्हती. बोलणी आधी झाली होती आणि त्यात गोठा मोजला गेला होता.

ब्रह्मनाळबद्दल लिहावं की नाही, याचा मी बराच विचार केला. सांगली जिल्ह्यात पलूस तालुक्यात, ८ ऑगस्ट २०१९ ला, माणसांनी भरलेली बोट उलटली आणि डझनभराहून जास्त जीव गेले. बोट गावाची होती, माणसं तिला पेलतील त्याहून जास्त होती. त्या घरांचं दुःख अजून ताजं आहे आणि निवाडा करायला मी कुणी नाही. आमच्या घाटावर मी जे पाहिलं तेवढंच सांगते. पुढची बोट येणार की नाही हे ठाऊक नसलं की माणूस याच बोटीत चढतो. लेकराला पुढं ढकलतो आणि मागून स्वतः चढतो. त्याला ‘गर्दी करू नका’ म्हणून काही होत नाही. आमच्याकडं आलेल्या तुकडीच्या प्रमुखानं दुसऱ्या फेरीपासून एक गोष्ट केली. बोट सुटताना तो एका जवानाला मागं ठेवायला लागला. ‘हा माझा माणूस इथं थांबतोय, मी परत येणारच’, एवढं हिंदीत बोलला. धक्काबुक्की तिथंच संपली. गणवेशातला एक माणूस आपल्याबरोबर पाण्यात थांबलाय, हे बघितल्यावर म्हाताऱ्याकोताऱ्यांना पुढं जाऊ द्यायला तरणी पोरं आपणहून बाजूला झाली.

त्या तुकड्या लांबून आलेल्या असतात. राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची आपल्याकडची बटालियन पुण्याजवळ सुदुंबऱ्याला आहे, पण २०१९ ला दुसऱ्या राज्यांतूनही पथकं आली, नौदल आलं, लष्कर आलं. त्यांना मराठी येत नाही आणि आपल्या आजीबाईंना हिंदी येत नाही. त्याहून महत्त्वाचं म्हणजे पाण्याखालचं गाव त्यांना दिसत नाही. विहिरीचा कठडा कुठं, विजेच्या तारा किती खाली आल्यात, उसाच्या फडात बोटीचा पंखा कुठं अडकेल, हे गावच्या पोहणाऱ्या पोरांना आणि भोयांना झोपेतही ठाऊक असतं. पहिल्या दिवशी दोघांचं पटत नव्हतं. पोरांना वाटायचं हे आपल्याला हटकतात. जवानांना वाटायचं ही पोरं शिस्त मोडतात. आणि गुळाच्या काहिलीत बसून पाणी कापणारी पोरं बघितल्यावर त्यांना तसं वाटलं तर चूक काय? तिढा सुटला तो एका जेवणात. शाळेच्या व्हरांड्यात दोघं शेजारी बसले, आमच्या मुख्याध्यापकांनी फळ्यावर गावचा नकाशा काढला आणि पोरांनी त्यावर खडूनं विहिरी आणि तारा दाखवल्या. तुकडीच्या प्रमुखानं खडू हातात घेऊन एकेक जागा परत विचारली, आपल्याला बरोबर कळलं का ते तपासलं. दुसऱ्या दिवसापासून प्रत्येक बोटीत गावचा एक पोरगा, लाइफ जॅकेट घालून, पुढं बसलेला. ती जॅकेटं त्यांनी आपल्याजवळची काढून दिली.

खडू हातात घेऊन परत विचारणं, हे तू जरूर शीक. तुझी एक सवय मला लहानपणापासून ठाऊक आहे, बाळ. समोरचा बोलत असताना तू त्याचं वाक्य पुरं करतेस. हुशार आहेस, बहुतेक वेळा बरोबरही असतेस. पण गावातला माणूस साहेबापुढं आधीच आवरून बोलतो. त्याचं वाक्य तू पुरं केलंस की तो ‘व्हय व्हय, तसंच’ म्हणतो आणि खरं सांगायचं होतं ते घेऊन घरी जातो. शांततेच्या काळात यानं फार बिघडत नाही. पुरात बिघडतं.

सरकारातल्या सरकारातही सांगणं-ऐकणं असंच अडतं. राधानगरीचा एक दरवाजा उघडला की १४२८ क्युसेक पाणी भोगावतीत येतं. ते पाणी किती तासांनी कुठल्या गावाला लागेल हे पाटबंधारे खात्यातल्या माणसाला कळतं, ते तहसीलला कळतं, आणि तिथून गावापर्यंत येता येता कधी रात्र होते. खाली कर्नाटकात अलमट्टी धरण. पूर आला की आपल्याकडं अलमट्टीच्या नावानं बोटं मोडायची आणि त्यांनी आपल्या धरणांकडं बोट दाखवायचं, असं बरीच वर्षं चाललं. वडनेरे समितीनं २०१९ च्या पुराचा अभ्यास केला आणि अलमट्टी हे मुख्य कारण नसल्याचं सांगितलं. ते सगळ्यांना पटलं असं नाही, वाद अजून आहे. पण २०२१ च्या जूनमध्ये आपले त्या वेळचे जलसंपदामंत्री जयंत पाटील बेंगळुरूला जाऊन मुख्यमंत्री येडियुरप्पांना भेटले आणि दोन्हीकडच्या पाण्याची माहिती वेळच्या वेळी एकमेकांना द्यायची असं ठरलं. महिनाभरात पूर आला. दोष कुणाचा यावर एकमत न होताही पाण्याचे आकडे रोज एकमेकांना सांगता येतात, हे मला त्यातून महत्त्वाचं वाटलं. तुझ्या पातळीवरही तसंच ठेव. ग्रामपंचायत अधिकाऱ्याशी तुझं एखाद्या नोंदीवरून वाजलेलं असेल. असू दे. जूनच्या पहिल्या आठवड्यात त्याच्याकडं चहाला जा.

वायरमनची ओळख करून घे, त्याचा फोन पाठ कर. बोट गल्लीत शिरण्याआधी तारेतली वीज बंद झाली की नाही हे फक्त तोच सांगू शकतो. अंगणवाडी सेविकेला गरोदर बाया कुठल्या घरात आहेत हे ठाऊक असतं. औषध दुकानदाराला कुणाला साखरेचं इंजेक्शन लागतं ते माहीत असतं. कोतवालाला ‘अहो’ म्हण. वयानं मोठा, मानधन तुटपुंजं, आणि सगळे त्याला अरेतुरे करतात. पुराच्या रात्री तुझ्यासाठी छातीभर पाण्यातून पलीकडं जाणारा तोच असतो. आणि व्हॉट्सअॅपच्या गटावर टाकलं म्हणजे सांगून झालं असं धरू नकोस. वीज गेली की चार्जिंग जातं, टॉवर जातो. कोण कुणाच्या दारात जाऊन सांगणार, ही वाटणी आधी करून ठेव.

निवारा केंद्रात भांडणं होतात, त्यानं घाबरून जाऊ नकोस. आमच्याकडं सलग काही दिवस बाहेरून खिचडीच येत होती. एका रात्री बायकांनी पातेलं परत पाठवलं. वरून आलेल्या एका साहेबांनी ‘फुकट मिळतंय तर नखरे’ असं म्हटलं आणि वातावरण पेटलं. आम्ही शिधा मागितला, शेगड्या मागितल्या, आणि स्वयंपाक बायकांच्या ताब्यात दिला. दुसऱ्या दिवशी आमटी-भाकरी झाली. रांग त्यांनीच लावली, म्हाताऱ्यांना आधी वाढलं, आणि कुठल्या वर्गात कोण उपाशी आहे हे मला त्यांच्याकडून कळायला लागलं. घर पाण्यात गेलेल्या बाईला दिवसभर नुसतं भिंतीला टेकून बसवून ठेवणं हे हाल आहेत. काम तिच्या हातात द्यायचं, आणि ते तिला विचारून द्यायचं. पाळीच्या कापडाचं, पॅडचं कुणी पुरुषांसमोर मागणार नाही. बायकांच्या वर्गात रोज एकदा तू स्वतः जाऊन बस.

पाणी ओसरल्यावर तुझं काम खऱ्या अर्थानं सुरू होतं. २०१९ ला घर दोन दिवस पाण्याखाली असेल तरच मदत, ही अट असलेला आदेश लोकांपुढं आला आणि केवढा संताप झाला ते तुला आठवत असेल. चिखलात उभ्या असलेल्या माणसाला ‘तुमचं घर किती तास पाण्यात होतं’ असं विचारायची वेळ आमच्याही गावच्या माणसांवर आली. नियम तू बदलू शकणार नाहीस. पण पंचनामा करताना त्याच्याशेजारी बसून करता येतो. लिहिलेलं मोठ्यानं वाचून दाखवता येतं. काय मिळेल आणि काय मिळणार नाही हे त्याच दिवशी स्पष्ट सांगता येतं. ‘बघू, होईल’ म्हणू नकोस. त्या दोन शब्दांवर माणसं सहा महिने तहसीलच्या पायऱ्या झिजवतात. ‘हे मिळणार नाही’ असं तोंडावर सांगणाऱ्या तलाठ्याला आमच्या गावानं शिव्या दिल्या, आणि पुढच्या पुरात त्याच्याच सांगण्यावरून गाव आधी निघालं.

तू म्हणशील, आत्या, इतकं ऐकत बसायला वेळ कुठं असतो? पाणी तासागणिक चढत असतं. खरं आहे. काही वेळा कायदा वापरावाच लागेल. लेकरं आत असताना दार उघडत नसेल तर पोलीस बोलव, मागंपुढं बघू नकोस. पण दर घराला पोलीस पुरत नाहीत. एकाला ओढून नेलं की उरलेली गल्ली माडीवर चढून शिडी वर ओढून घेते, हेही पाहिलंय. ऐकायचा वेळ पुरात नसतो म्हणूनच तो मे महिन्यात काढायचा. उन्हाळ्यात पारावर बसलेल्या माणसांना वेळच वेळ असतो.

तेव्हा मृग लागायच्या आत एवढं कर. प्रत्येक गोठ्यातली जनावरं मोज, आणि ती कुठं बांधायची हे मालकाच्या तोंडून लिहून घे. अंथरुणाला खिळलेली माणसं, गरोदर बाया, एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या, यांची नावं आणि त्यांना उचलायला कोण येणार त्यांची नावं शेजारी शेजारी लिही. यादीची एक प्रत कोतवालाकडं, एक शाळेत, एक दूध संस्थेत ठेव. जिल्हा नियंत्रण कक्षाचा १०७७ हा नंबर शाळेच्या भिंतीवर रंगवून घे. आणि रुजू व्हायच्या आदल्या रात्री इकडं मुक्कामाला ये. आमच्या जुन्या कोतवालांना बोलावून ठेवते. त्यांना सगळं विचार, आणि त्यांचं बोलून होईपर्यंत मध्ये बोलू नकोस.

तुझी,
आत्या
कोल्हापूर